भूर्जवृक्षावरील मावा



भूर्ज हे नाव भारतीय माणसाला अपरिचित नाही. मात्र हा परिचय वृक्षापेक्षा त्याच्या सालीशीच अधिक आहे. कागदाचा प्रसार होण्यापूर्वी उत्तर भारतात, विशेषतः काश्मीरमध्ये, ग्रंथ लिहिले जात ते भूर्जपत्रांवर. कालिदासाने ‘कुमारसंभवा’च्या पहिल्या सर्गात हिमालयाचे वर्णन करताना भूर्जाच्या सालीवर लिहिल्या जाणाऱ्या प्रेमपत्रांचा उल्लेख केला आहे. १८८१ साली पेशावरच्या परिसरातील बक्षाली या गावी सापडलेले प्राचीन गणिताचे हस्तलिखित भूर्जपत्रांवरच लिहिलेले आहे. गंगोत्रीहून गोमुखाकडे जाणाऱ्या वाटेवरील भोजबासा हे स्थळ तर या वृक्षाचे नाव आजही वागवीत आहे.

हिमालयात हा वृक्ष तीन हजार मीटरांहून अधिक उंचीवर, जेथे अरण्याची सीमा संपते तेथे उभा असतो. त्याचे भाऊबंद मात्र उत्तर युरोप, सायबेरिया आणि उत्तर अमेरिका या विस्तीर्ण प्रदेशांत पसरलेले आहेत. युरोपात त्याच्या दोन जाती विशेष आढळतात. पांढऱ्याशुभ्र सालीचा आणि खाली लोंबणाऱ्या नाजूक डहाळ्यांचा तो रुपेरी भूर्ज. आणि कोवळ्या डहाळ्यांवर बारीक लव असणारा, ओलसर जमीन पसंत करणारा तो लवदार भूर्ज. या युरोपीय भूर्जवृक्षांच्या पानांवर, डहाळ्यांवर आणि कोवळ्या कोंबांवर जो मावा राहतो, त्याचे जीवन हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे.

मावा म्हणजे काय, हे महाराष्ट्रातील शेतकऱ्याला सांगावयास नको. करडईवर, कापसावर, ज्वारीवर तो दरसाल येतो. ज्वारीची पाने चिकट होऊन चकाकू लागली की ‘चिकटा पडला’ असे शेतकरी म्हणतो, तो चिकटा याच किडीचा. परंतु शेतातील पीक चार-सहा महिन्यांचे असते, आणि त्यावरील माव्याचा विचार ‘नुकसान किती’ या एकाच प्रश्नाने सुरू होतो व तेथेच संपतो. भूर्ज हा अनेक दशके एका जागी उभा राहणारा वृक्ष आहे. त्याच्यावरील मावा पिढ्यान्‌पिढ्या त्याच वृक्षावर जगतो, तेथेच अंडी घालतो आणि पुढील वसंतात पुन्हा तेथूनच आपला संसार सुरू करतो. या दोघांचा संबंध केवळ चोर आणि धनी यांचा आहे काय? हा प्रश्न केवळ जिज्ञासेचा नाही. युरोप-अमेरिकेतील शहरांत रस्त्यांच्या कडेने हजारो भूर्जवृक्ष लावलेले आहेत आणि उन्हाळ्यात त्यांवरून ठिबकणाऱ्या चिकट द्रवामुळे त्रासलेले नागरिक औषधाची फवारणी करावी, नाही तर झाडच तोडावे, अशी मागणी करीत असतात. ती मागणी मान्य करावी की नाही, हे ठरविण्यापूर्वी या किडीची नीट ओळख करून घेणे आवश्यक आहे.

प्रथम तिच्या आहाराचा विचार करू. माव्याचे शरीर मऊ, नासपतीच्या आकाराचे आणि बहुतेक जातींत दोन ते चार मिलिमीटर लांबीचे असते. त्याला चावण्याचे दात नाहीत. आहे ती एक सोंड. या सोंडेत केसाहूनही बारीक अशा सुयांचा एक जुडगा असतो. पानाच्या शिरेवर बसून मावा या सुया पेशींच्या मधून वाट काढीत आत सरकवितो. सुया पुढे सरकत असताना तो आपली लाळ सोडतो. ती लाळ घट्ट होऊन सुयांभोवती एक नळी तयार होते. अशा प्रकारे तो झाडाच्या रसवाहिनीपर्यंत, म्हणजे पानांत तयार झालेले अन्न इतरत्र वाहून नेणाऱ्या नलिकेपर्यंत पोहोचतो. रसवाहिनीतील रस दाबाखाली असल्यामुळे तो आपोआपच किडीच्या शरीरात शिरतो. १९५३ साली केनेडी व मिटलर या ब्रिटनमधील संशोधकांनी या गोष्टीचा मोठ्या कुशलतेने उपयोग करून घेतला. रस पीत असलेल्या माव्याची सोंड त्यांनी छेदून टाकली. तरीही तिच्या तुटक्या टोकातून रस कितीतरी वेळ पाझरत राहिला. झाडाच्या रसवाहिनीतील शुद्ध रस मिळविण्याची याहून चांगली रीत तोवर शास्त्रज्ञांना ठाऊक नव्हती.

हा रस गोड असतो, परंतु पौष्टिक नसतो. त्यात साखर विपुल असते, आणि शरीर घडविण्यास लागणारी ॲमिनो अम्ले मात्र अत्यल्प. त्यांतीलही काही अत्यावश्यक अम्ले जवळजवळ नसतात. म्हणून माव्याला आपल्या गरजेच्या मानाने पुष्कळच अधिक रस प्यावा लागतो. आणि जास्तीची साखर व पाणी तो मागील बाजूने थेंबाथेंबाने बाहेर टाकतो. हाच तो चिकटा. मोटारीच्या काचेवर, बाकावर, पदपथावर जे चिकट ठिपके पडतात, ते झाडाचे अश्रू नव्हेत आणि झाडाचा डिंकही नव्हे. ती माव्याने नाकारलेली साखर होय.

आवश्यक असूनही रसात न मिळणाऱ्या अम्लांची उणीव भरून काढण्यासाठी माव्याने फार प्राचीन काळी एक भागीदार जोडला आहे. त्याच्या शरीरातील विशिष्ट पेशींत एक प्रकारचे जीवाणू राहतात. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ पाउल बुखनर यांच्या स्मरणार्थ त्यांना ‘बुखनेरा’ असे नाव १९९१ साली देण्यात आले. हे जीवाणू माव्याला लागणारी ॲमिनो अम्ले तयार करून देतात आणि त्याच्या मोबदल्यात निवारा व अन्न मिळवितात. आईच्या शरीरातून ते थेट गर्भात जातात. बाहेरच्या जगात ते जगू शकत नाहीत. वाटाण्यावरील माव्यात असणाऱ्या या जीवाणूची संपूर्ण आनुवंशिक लिपी जपानी संशोधकांनी २००० साली प्रसिद्ध केली. ती केवळ सुमारे ६ लाख ४० हजार अक्षरांची निघाली. स्वतंत्रपणे जगण्यास लागणारी कितीतरी सामग्री या जीवाणूने सोडून दिली असल्याचे तीवरून दिसून आले. तेव्हा आपण ज्याला एक कीड म्हणतो, ती खरे पाहता दोन जीवांची पेढी आहे.

असा भागीदार असूनही नत्राची चणचण संपत नाही. मात्र ही चणचण वर्षभर सारखी नसते, आणि माव्याच्या जीवनक्रमाचे रहस्य येथेच आहे. वसंतात कळ्या फुटून पाने वाढू लागतात तेव्हा त्या वाढीसाठी झाड ॲमिनो अम्ले पानांकडे पाठविते. रस समृद्ध होतो. पाने जून झाली की हा पुरवठा आटतो. पुढे शरद ऋतूत पाने पिवळी पडू लागतात, तेव्हा झाड पानांतील प्रथिने मोडून नत्र परत खोडाकडे ओढून घेते, आणि त्या काळात रस पुन्हा काहीसा समृद्ध होतो. म्हणजे भूर्जावर राहणाऱ्या किडीला वर्षात दोन सुगी असतात, एक मोठी व एक लहान. आणि त्या दोहोंच्या मध्ये, ऐन हिरव्यागार उन्हाळ्यात, एक दुष्काळ असतो. पानांनी लहडलेल्या झाडावर दुष्काळ असू शकतो, ही गोष्ट आपल्या डोळ्यांना दिसत नाही, पण माव्याला ती कळते.

या वेळापत्रकाशी युसेराफिस या प्रजातीच्या माव्याने आपले जीवन कसे जुळवून घेतले आहे ते पाहण्यासारखे आहे. भूर्जावरील हा सर्वांत ठळक मावा. लांबी तीन-चार मिलिमीटर, फिकट हिरवा रंग आणि अंगावर निळसर-पांढऱ्या मेणाचा थर. पाय लांब आणि हालचाल चपळ. जरा धक्का लागला की तो पानावरून निसटतो. याची अंडी हिवाळाभर कळ्यांच्या जवळ सालीच्या खाचांत चिकटलेली असतात. वसंतात कळ्या फुटण्याच्या सुमारास ती उबतात. त्यांतून बाहेर पडतात त्या सर्व माद्याच. वाढ पूर्ण होताच त्यांना पंख येतात, आणि नराशी संग न होताच त्या पिले देऊ लागतात. माव्याच्या बहुतेक जातींत या काळात बिनपंखी माद्यांचेच प्राबल्य असते. युसेराफिसच्या पिले देणाऱ्या सर्वच माद्या मात्र पंखवाल्या असतात. म्हणून एका पानावरील अन्न आटले की दुसऱ्या पानावर किंवा दुसऱ्या झाडावर जाणे त्यांना सहज साधते.

नराशिवाय होणाऱ्या या प्रजननाला अनिषेकजनन म्हणतात. त्याचा शोध याच कीटकगणात लागला हे येथे सांगितले पाहिजे. १७४० साली जिनीव्हा येथील शार्ल बॉने या अवघ्या वीस वर्षांच्या तरुणाने माव्याचे एक नुकतेच जन्मलेले पिलू वेगळे काढून काचपात्राखाली ठेवले, आणि दिवसभर भिंगातून त्यावर नजर ठेवली. ते पिलू मोठे झाले आणि कोणत्याही नराचे दर्शन न होता त्याने ९५ पिलांना जन्म दिला. त्या काळातील विद्वानांना ही गोष्ट पचविणे जड गेले. परंतु इतरांनी प्रयोग पुन्हा करून पाहिले तेव्हा ती खरी ठरली. पुढे असेही आढळले की माव्याच्या मादीच्या पोटातील गर्भात त्याचा स्वतःचा गर्भही वाढू लागलेला असतो. आई, मुलगी आणि नात अशा तीन पिढ्या एकाच वेळी एका शरीरात नांदत असतात. वसंतातील सुगीचे दिवस थोडे, म्हणून काळ वाया जाऊ न देण्याची ही योजना आहे.

मे-जूनपर्यंत भूर्जावरील माव्याची संख्या कळसाला पोहोचते. नंतर पाने जून होतात, शत्रू वाढतात आणि संख्या झपाट्याने घसरते. उन्हाळ्यात प्रजनन मंदावते. शरदात रस सुधारला की संख्या पुन्हा थोडी चढते. आणि दिवस लहान होऊ लागल्यावर प्रथमच नर जन्माला येतात. त्यांच्याबरोबर जन्मणाऱ्या माद्या या बिनपंखी असतात व पिले न देता अंडी घालतात. वसंतापासून शरदापर्यंतच्या सगळ्या पिढ्यांत मीलन घडते ते या एकाच पिढीत. पाने गळून जातात, मावा मरून जातो. उरतात ती कळीशेजारची अंडी.

ॲमिनो अम्लांचे महत्त्व किती आहे याचा एक सुंदर पुरावा ब्रिटनमधील संशोधकांनी २००३ साली मांडला. रुपेरी भूर्जाच्या पानांवर मार्सोनिना नावाच्या बुरशीचा रोग पडतो व पानांवर डाग उठतात. अशा रोगट पानांवर वाढलेला युसेराफिस मावा निरोगी पानांवरील माव्याहून आकाराने मोठा भरला आणि त्याच्या पोटातील गर्भांची संख्याही अधिक आढळली. कारण असे की, बुरशीने ग्रासलेल्या पानांत मुक्त ॲमिनो अम्लांचे प्रमाण वाढलेले होते. वृक्षाला जे पान आजारी वाटते, ते किडीच्या दृष्टीने मेजवानीचे ताट ठरते.

येथवर युसेराफिसचे वर्णन झाले. पण भूर्जावर राहणारा तो एकटाच मावा नाही. वृक्ष आपल्याला एक दिसतो, परंतु या लहानशा जीवांनी त्याची वाडावाटणी करून घेतली आहे. बेट्युलाफिस नावाचा लहान, चपटा, फिक्या रंगाचा मावा पानाच्या खालच्या बाजूस चिकटून बसतो. ग्लायफिना हा गडद हिरवा मावा कोवळ्या कोंबांवर दाटीने राहतो. सिमिडोबियस ऑब्लाँगस हा चकचकीत तपकिरी मावा पानांकडे जातच नाही. तो डहाळ्यांच्या सालीवर वस्ती करतो आणि तेथूनच रस शोषतो. कॅलिफोर्नियात शोभेसाठी नेलेल्या रुपेरी भूर्जावर युरोपातूनच आलेल्या तीन जाती एकाच झाडाच्या पानांवर एकत्र नांदत असल्याचे हायेक व डालस्टेन या संशोधकांनी १९८६ साली दाखवून दिले. अन्न एकच, भांडे एकच, तरीही तिन्ही जाती टिकून राहिल्या, हा त्यांच्या अभ्यासाचा विषय होता.

या सर्वांत विलक्षण म्हणजे मोनॅफिस अँटेनाटा. भूर्जाच्या पानांवर राहणाऱ्या इतर जाती पानाच्या खालच्या बाजूस सावलीत राहतात. हा मात्र उघड्यावर, पानाच्या वरच्या बाजूस एकेकटा बसतो. याचा रंग पानाच्या हिरव्या रंगाशी इतका मिळताजुळता असतो की समोर असूनही तो दिसत नाही. वरची बाजू त्याने का निवडली? हॉपकिन्स व डिक्सन यांनी १९९७ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात याचे उत्तर शत्रूंच्या सवयींत शोधले आहे. माव्यावर जगणारे कीटक आपली शिकार मुख्यतः पानाच्या खालच्या बाजूस धुंडाळतात, कारण बहुतेक मावा तेथेच असतो. वरची बाजू म्हणजे शत्रूंची गस्त कमी असलेला मोहल्ला. तेथे राहण्याची किंमत काय पडते, हा वेगळा प्रश्न. परंतु ही जात ब्रिटनमध्ये फार दुर्मिळ आहे हे खरे. ज्याला लोक सरसकट ‘कीड’ म्हणून संबोधतात, त्याच्यात असाही एक रहिवासी आहे की ज्याचा शोध घेण्यासाठी अभ्यासकाला पान न्‌ पान तपासावे लागते.

नजरेच्या मर्यादांचे आणखी एक उदाहरण युसेराफिसचेच आहे. दीर्घकाळपर्यंत युरोपातील भूर्जावरील युसेराफिस ही एकच जात समजली जात होती. १९७०च्या दशकात लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधील निसर्गेतिहास विभागाचे रॉजर ब्लॅकमन यांनी असे सिद्ध केले की त्या दोन जाती आहेत: एक रुपेरी भूर्जावर राहणारी, दुसरी लवदार भूर्जावर राहणारी. दोघींची शरीरे दिसायला जवळजवळ सारखी. पण गुणसूत्रे वेगळी आणि आश्रयवृक्षही वेगळे. दोन्ही प्रकारचे भूर्ज पुष्कळदा एकाच रानात शेजारी शेजारी वाढतात, फांद्यांना फांद्या लागतात. माणसाला त्या दोन वृक्षांत भेद करणे कठीण जाते. या पंखवाल्या माद्या मात्र आपापले झाड ओळखतात. या शोधामुळे जुन्या लेखनात ‘भूर्जावरील मावा’ असा जेथे जेथे उल्लेख आहे, तेथे तो कोणत्या भूर्जावरील कोणता मावा, असा प्रश्न विचारणे भाग पडले.

काही जातींचा संसार तर एका झाडावर भागत नाही. उत्तर अमेरिकेत हॅमॅमेलिस्टिस नावाचा मावा ‘विच हेझल’ या झुडुपावर काटेरी गाठ निर्माण करून तिच्यात वाढतो. त्याचे पंखवाले वंशज तेथून भूर्जावर उडून जातात, हिवाळा तेथे काढतात, पुढील वसंतात भूर्जाच्या पानांना सुरकुत्या पाडतात आणि त्यानंतरची पिढी पुन्हा विच हेझलकडे परतते. हा फेरा पूर्ण होण्यास सुमारे दोन वर्षे लागतात. भूर्जावरील आणि विच हेझलवरील कीड दिसण्यात इतकी भिन्न, की ती एकाच वंशाची आहे हे कोणाच्या लक्षात येणे कठीण होते. थिओडोर पर्गांडे यांनी १९०१ साली या जीवनचक्राचा संपूर्ण वृत्तान्त प्रसिद्ध केला.

आता प्रश्न येतो तो शेजाऱ्यांचा. झाडावरून गळणारी साखर वाया जात नाही. युरोपच्या अरण्यांत काड्यांचे व सूचिपर्णांचे मोठे ढीग रचून राहणाऱ्या तांबड्या वनमुंग्या आहेत. माव्याचा चिकटा हा त्यांचा एक मुख्य आहार होय. डहाळीवरील सिमिडोबियस माव्याभोवती या मुंग्या सदैव वावरतात, त्याचे थेंब पितात आणि त्याच्या शत्रूंना पळवून लावतात. ज्या माव्याशी त्यांचा असा व्यवहार नाही, तो मात्र त्यांच्या तडाख्यात सापडला तर भक्ष्य होतो. झाडावर चढलेल्या मुंग्या वाटेत भेटणारे सुरवंटही उचलून नेतात, आणि याचा परिणाम कधी कधी फार मोठा होतो. १९६०च्या दशकाच्या मध्यास फिनलंडच्या अगदी उत्तरेकडील लॅपलँडमध्ये एका पतंगाच्या सुरवंटांची प्रचंड धाड आली. डोंगरउतारावरील भूर्जांची पाने त्यांनी पार खाऊन टाकली आणि विस्तीर्ण प्रदेशातील झाडे वाळली. त्या उजाड परिसरात मुंग्यांच्या वारुळांभोवती मात्र हिरव्या भूर्जांची बेटे उभी राहिलेली दिसली. लायने व निएमेला या फिनिश संशोधकांनी १९८० साली त्यांची नोंद प्रसिद्ध केली. मुंग्यांना झाडावर ओढून आणणारे आमिष म्हणजे माव्याची साखर. म्हणजे एरवी झाडाचा रस शोषणारी कीड संकटकाळी अप्रत्यक्षपणे त्याच्या राखणदारांना पोसत होती.

माव्यावर जगणाऱ्यांची यादी येथेच संपत नाही. ढालकिडे व त्यांच्या अळ्या, क्रायसोपा, सिरफिड माशीच्या अळ्या, माव्याच्या शरीरातच अंडी घालणाऱ्या सूक्ष्म गांधीलमाश्या, पिलांना चारण्यासाठी किडे टिपणारे टिट आणि वटवटे यांसारखे लहान पक्षी, या सर्वांना वसंतातील पहिले विपुल अन्न वृक्षांवरील माव्याकडून मिळते. यांपैकी ढालकिडे, क्रायसोपा व सिरफिड माशी ही नावे आपल्याकडील शेतकऱ्यालाही मित्रकीटक म्हणून परिचित आहेत.

याचा अर्थ मावा झाडाला निरुपद्रवी आहे, असा मात्र नव्हे. नॉर्विच येथील ईस्ट अँग्लिया विद्यापीठात ज्यांनी वृक्षांवरील माव्याच्या अभ्यासाला आयुष्य वाहिले, त्या ए. एफ. जी. डिक्सन यांनी १९७१ साली सिकॅमोर व लिंडेन या दोन वृक्षांवरील प्रयोगांचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. माव्याचा भार असलेल्या सिकॅमोर झाडांची पाने लहान राहतात आणि लाकडाची वाढ घटते. लिंडेनच्या रोपट्यांत वरून काही दिसत नसले तरी जमिनीखाली मुळांची वाढ खुंटते, असे त्यांना आढळले. वृक्ष उभा आहे, हिरवा आहे, म्हणून त्याचे काहीच गेले नाही असे म्हणता येत नाही. भूर्जाच्याही रसाची किंमत भूर्जालाच मोजावी लागते. परंतु वाढ मंदावणे आणि वृक्ष मरणे यांत फार अंतर आहे. वाढलेला निरोगी भूर्ज पानांवरील माव्यामुळे मरत नाही; उन्हाळा लागताच किडीची संख्या आपण होऊन ओसरते आणि झाड पुढे चालू लागते.

आता शहरातील त्या तक्रारीकडे वळता येईल. पदपथ चिकट होतो, मोटारीवर ठिपके पडतात, त्यांवर काजळीसारखी काळी बुरशी चढते. हा त्रास खरा आहे व तो उगाच नाकारण्याचे कारण नाही. परंतु उपाय म्हणून जी फवारणी केली जाते, तिचा हिशेब लोक पुरता मांडत नाहीत. विषारी फवाऱ्याने माव्याबरोबर ढालकिडे, क्रायसोपा आणि गांधीलमाश्याही मरतात. माव्याची एखादी मादी जरी पानाआड वाचली, तरी नराची वाट न पाहता ती पुन्हा वंश वाढवू लागते. तिच्या शत्रूंना मात्र पुन्हा जोडीदार शोधावा लागतो, अंडी घालावी लागतात आणि सावरण्यास वेळ लागतो. जे अनिषेकजनन बॉनेने काचपात्राखाली पाहिले, तेच फवारणी करणाऱ्याच्या विरुद्ध उभे राहते. शिवाय चिकट्याचा जोर मुख्यतः वसंतअखेरच्या काही आठवड्यांपुरता असतो. पुष्कळदा तक्रार होऊन, मंजुरी मिळून फवारणीचा दिवस उजाडेपर्यंत किडीची संख्या घसरणीला लागलेली असते. आणि जे निसर्गतः होणार होते त्याचे श्रेय औषधाला जाते. पाण्याने धुणे, मोटार अन्यत्र उभी करणे, आणि नवी झाडे लावतानाच वाहनतळावर व बाकांवर भूर्जाची छाया पडणार नाही अशी जागा निवडणे, हे उपाय साधे असले तरी अधिक टिकाऊ आहेत.

यापुढील काळात आणखी एका गोष्टीकडे लक्ष ठेवावे लागणार आहे. भूर्ज व मावा यांच्या संबंधाचा सारा डोलारा वेळेच्या जुळणीवर उभा आहे. अंडी कळी फुटण्याच्या फार आधी उबली तर पिले उपाशी मरतात. फार उशिरा उबली तर रसाची सुगी हुकते. दोन्ही घटना उष्णतामानावर अवलंबून असल्या, तरी झाड आणि कीड उष्णतेला सारखाच प्रतिसाद देतील असे नाही. इंग्लंडमधील रोथॅमस्टेड येथे १९६४ पासून १२.२ मीटर उंचीच्या शोषक सापळ्यांनी हवेतून उडणारा मावा पकडून मोजण्यात येत आहे. अशा सापळ्यांच्या जाळ्यातून जमलेल्या पाच दशकांच्या नोंदींचा अभ्यास २०१५ साली प्रसिद्ध झाला. पन्नासहून अधिक जातींच्या त्या अभ्यासात बहुतेक जातींचे वर्षातील पहिले उड्डाण आता पूर्वीपेक्षा लवकर होऊ लागल्याचे दिसून आले. माव्याचे वेळापत्रक सरकले, पण झाडाचे तितके सरकले नाही, किंवा पिलांना वाढविणाऱ्या पक्ष्यांचे सरकले नाही, तर त्याचा परिणाम या साखळीतील प्रत्येकावर होईल. रोज न चुकता सापळा रिकामा करणे आणि त्यातील दोन मिलिमीटरांच्या कीटकाची जात ओळखून नोंद करणे हे काम नीरस भासते. परंतु ते पन्नास वर्षे कोणी तरी केले, म्हणूनच हा बदल आज आपल्याला दिसू शकतो.

माव्याच्या जगात ज्ञात असलेल्या जाती सुमारे पाच हजार आहेत. त्यांपैकी बहुसंख्य समशीतोष्ण प्रदेशांत आढळतात. उष्ण कटिबंधात त्या तुलनेने थोड्या आहेत. म्हणूनच आपल्याकडेही पिकांवरील मावा थंडीच्या दिवसांत, ढगाळ हवेत अधिक जोर करतो. हिमालयातील भूर्जांवरही माव्याच्या काही जाती राहतात आणि भारतीय प्राणिसर्वेक्षण संस्थेच्या तसेच विद्यापीठांतील अभ्यासकांनी हिमालयातील माव्याच्या नोंदी केलेल्या आहेत. युरोपात एका भूर्जाविषयी जे दोनशे-अडीचशे वर्षांच्या निरीक्षणांतून कळले, तसे आपल्या पर्वतांतील वृक्षांविषयी कळावयाचे असेल, तर त्यासाठीही वर्षानुवर्षे त्याच झाडाकडे परत जाणारे निरीक्षक लागतील.

कोणत्याही झाडावर मावा दिसला, तर निर्णय घेण्यापूर्वी तीन प्रश्न विचारावेत. हा मावा कोणता? तो झाडाच्या कोणत्या भागावर आहे? आणि वर्षाचा कोणता काळ चालू आहे? पहिल्या प्रश्नाने कळते की कीड एक नसून अनेक आहेत. दुसऱ्याने कळते की झाड ही एकच जागा नव्हे. आणि तिसऱ्याने कळते की आज पानावर जे दिसते ते महिनाभराने तसे असणार नाही. या तिन्ही प्रश्नांची उत्तरे मिळाल्यावरही काही प्रसंगी, विशेषतः कोवळ्या रोपांच्या बाबतीत, उपाय करणे आवश्यक ठरेल. तेव्हा तो अवश्य करावा. मात्र तो पान उलटून पाहिल्यानंतर करावा. आणि भूर्जाच्या बाबतीत, मोनॅफिसचे स्मरण ठेवून, पानाची वरची बाजूही एकदा निरखून पाहावी.